पपनसावरची राणी पाकोळी

१ सप्टेंबर, सोमवार

आज मी बाबांना 'काका' म्हणाले.

तसं ठरलेलंच होतं. मुलुंडच्या या सोसायटीत बाबा बारा वर्षं माळी आहेत. 'फुलपाखरू उद्यानासाठी प्राणिशास्त्राची पदवीधर व्यक्ती हवी' असा कागद तिथल्या नोटीस बोर्डावर लागला, तेव्हा मोबाइलवर त्याचा फोटो काढून आणला तोही त्यांनीच. मी अर्ज भरायला बसले तेव्हा म्हणाले, "थंय माका बाबा म्हणू नको. माळ्याचा चेडू म्हटल्यार तुका मॅडम कोण म्हणतलो?"

आई म्हणाली, "ह्यां काय भलताच!" मी अर्ज भरत राहिले. खरं तर मला बरं वाटलं होतं. हे इथे लिहून ठेवते, कारण दुसरीकडे कुठे कबूल करणार नाही.

अर्जावर 'निधी के. धुरी' असं लिहिलं. पदवीच्या कागदावर 'निधी काशीराम धुरी' आहे. तो कागद बाबांनी लॅमिनेट करून देवांच्या फळीशेजारी लावलाय. सोसायटीत बाबा नुसते 'काशीराम' आहेत, त्यांचं आडनाव कोणी कधी विचारलेलं नाही. त्यामुळे जुळवून बघायला काही नाहीच.

बाबा भांडुपहून सकाळी साडेपाचला निघतात, मी साडेआठला. एकत्र दिसायला नको.

कमिटीतल्या मृणालिनीताईंनी मला सगळी बाग दाखवली. शेवटी म्हणाल्या, "आणि हे आपले काशीराम." बाबांनी खुरपं खाली ठेवलं, हात पंच्याला पुसावेत तसे पँटला पुसले आणि म्हणाले, "नमस्कार मॅडम." मी म्हणाले, "नमस्कार काका."

त्यांच्या पायाशी पिशवीत डबा होता. आईने सकाळी भरलेला. तशीच भेंडीची भाजी माझ्याही बॅगेत होती.

४ सप्टेंबर, गुरुवार

जनरेटरच्या खोलीमागे पपनसाचं झाड आहे. वेंगुर्ल्याच्या आमच्या घरामागच्या झाडाचं रोप बाबांनी एका गणपतीत इथे आणून लावलं होतं. आता ते खोलीच्या छताच्या वर गेलंय. त्यावर राणी पाकोळीच्या अळ्या आहेत!

महाराष्ट्राचं राज्य फुलपाखरू. तळहातापेक्षा मोठं, काळं मखमली, मागच्या पंखांवर धुतल्यासारखा फिकट निळा. हे सगळं मी पुस्तकातून आणि राष्ट्रीय उद्यानातल्या फेऱ्यांतून शिकले. आणि बाबांच्या झाडावर त्या दर वर्षी येतात म्हणे. मला कधी बोलले नाहीत. मी विचारलंही नव्हतं.

लहान अळ्या पक्ष्याच्या विष्ठेसारख्या दिसतात, मोठ्या हिरव्यागार. एकीला मी काडीने डिवचलं तर तिने मानेतून दोन फाट्यांचं शिंग बाहेर काढलं आणि कुजक्या लिंबासारखा वास सोडला. बाजूला कोणी नव्हतं म्हणून बाबा हसून म्हणाले, "रागावला तां."

या भागात फवारणी पूर्ण बंद, असं मी त्यांना कागदावर लिहून दिलं. ते म्हणाले, "पंप मी मे महिन्यापासून टांगून ठेवलाय. पावसात कोण फवारतो?" पण कागद नीट घडी करून खिशात ठेवला.

९ सप्टेंबर, मंगळवार

मृणालिनीताईंनी घरी चहाला बोलावलं. त्या खरंच प्रेमळ आहेत. म्हणाल्या, "किती मुद्देसूद बोलतेस गं तू! घरी सगळे शिकलेले असणार. बाबा काय करतात?"

"हॉर्टिकल्चरमध्ये आहेत," मी म्हणाले.

"अरे वा! म्हणजे रक्तातच आहे."

खिडकीतून खाली बाबा हिरवळीवरची पानं गोळा करताना दिसत होते. मी चहा अर्धा ठेवला. आल्याचा होता, मला आवडतो तसा.

११ सप्टेंबर, गुरुवार

दसऱ्याला उद्घाटन ठरलं. सेक्रेटरी श्यामकांत देवस्थळी यांना मी पपनस दाखवायला नेलं. त्यांनी नाकाला रुमाल लावला, कारण बाजूलाच ओल्या कचऱ्याचे डबे आहेत. "मिस धुरी, कल्पना फर्स्ट क्लास आहे. पण पाहुण्यांना इथे कुठे आणणार? हे सगळं पुढे घ्या ना. गेटसमोर, कारंज्यापाशी."

मी म्हणाले, येईल घेता. लिंबाची रोपं लावून अळ्या त्यांच्यावर सोडता येतील, शास्त्रीयदृष्ट्या काही अडचण नाही.

'शास्त्रीयदृष्ट्या' म्हणताना मला मजा वाटली.

१५ सप्टेंबर, सोमवार

रोपं आली. घोडबंदरच्या बाजूच्या एका नर्सरीतून मी स्वतः निवडली. लिंबाची बारा कलमं, सगळी एका उंचीची. पानं अशी तुकतुकीत की तेल लावून पुसल्यासारखी. मृणालिनीताई टेम्पोपाशीच टाळ्या वाजवायला लागल्या.

बाबांनी एक पान उलटं केलं, सुलटं केलं. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "मॅडम, एवढी स्वच्छ पानं? लिंबाला कुठे ना कुठे चावा असतोच. ही महिनाभर बाजूला ठेवू या. पाऊस लागू दे अंगाला."

महिनाभर! दसऱ्याला सतरा दिवस राहिलेत. मी म्हणाले, "काका, निरोगी रोपं अशीच असतात. ते माझ्यावर सोडा."

"बघ काशीराम," मृणालिनीताई म्हणाल्या, "शिकलेलं माणूस असलं की डोक्याला ताप नाही."

घरी जेवताना बाबांनी पुन्हा काढलं, "निधी, त्या पानांका एकपण किडो लागूक नाय. कसां काय?" मी झाडांच्या पाट्यांवर लॅटिन नावं लिहीत होते. म्हणाले, "बाबा, प्लीज. घरी पण तेच नको." आई म्हणाली, "गप जेवा ओ, तिका काम करूंदे."

१९ सप्टेंबर, शुक्रवार

एकतीस अळ्या हलवल्या. एकेक फांदी कापून, हळूच नव्या कलमांवर बांधून. बाबा खाली डबा धरून उभे होते. मी शिडीवरून फांदी द्यायची, त्यांनी झेलायची. एकदाही पान हललं नाही. माझ्या आठवणीत आम्ही दोघांनी मिळून असं काम पहिल्यांदाच केलं. तीन-चार अगदी बारीक अळ्या होत्या, त्या पपनसावरच ठेवल्या. एवढ्या लहान पाहुण्यांना दिसणार नाहीत.

उद्घाटनाच्या पाटीचा मजकूर तपासायला आला. 'संकल्पना : निधी ____ धुरी, बी.एस्सी.' पेंटरने मधली जागा मोकळी सोडून विचारलं होतं, वडिलांचं नाव? मी 'के.' लिहून पाठवलं.

२२ सप्टेंबर, सोमवार

सगळ्या मेल्या.

सकाळी नऊला पोहोचले तर कारंज्यापाशी माणसं जमलेली. अळ्या पानांवरून लोंबकळत होत्या, काही मातीत पडून काळ्या पडल्या होत्या. एक अजून जिवंत होती, थरथरत होती. मी डिवचलं तर तिला शिंगसुद्धा बाहेर काढता आलं नाही.

देवस्थळी आले. मला म्हणाले, "मिस धुरी, ही झाडं तुम्हीच निवडलीत ना?"

मी बोलायला तोंड उघडलं तेवढ्यात मागून बाबा म्हणाले, "साहेब, फवारा मारला मी. शनिवारी. मच्छर झाले होते."

माझा विश्वास बसेना. लिहून दिलं होतं मी! सही घेतली नव्हती एवढंच. इतका राग आला की मी सगळ्यांसमोर म्हणाले, "काका, एक थेंबही मारायचा नाही असं कागदावर दिलं होतं ना? वाचता येतं ना तुम्हाला?"

ते म्हणाले, "चुकलं मॅडम."

देवस्थळी म्हणाले, "उद्यापासून येऊ नकोस, काशीराम. फार झालं." बाबांनी मान हलवली. नळ बंद केला, पाइप गुंडाळून खुंटीला लावला आणि निघाले.

मी तिथेच उभी होते. कोणी तरी म्हणालं, "बिचारी! एवढी मेहनत घेतली हिने." आणि मी रडले. सगळ्यांनी माझी समजूत काढली.

२३ सप्टेंबर, मंगळवार

बाबा सवयीने पाचला उठले, आंघोळ केली आणि मग खाटेवर बसून राहिले.

मी कालचं वाक्य आठवत नाही असं ठरवलं होतं. जमत नाही. बाबा सातवीपर्यंत शिकलेत. मला पहिली अक्षरं त्यांनीच गिरवायला लावली होती, पाटीवर, माझ्या मुठीवर आपली मूठ ठेवून.

पण फवारा मारला तो त्यांनीच ना? मग मी काय करणार होते? तसंच विचारलं त्यांना. म्हणाले, "काय्येक नाय. तू तुझां काम कर." आई कालपासून माझ्याशी बोलत नाहीये. डबा भरून ओट्यावर ठेवते आणि पाठ करते.

२ ऑक्टोबर, दसरा

उद्घाटन झालं. फीत, नारळ, भाषणं. अळ्यांऐवजी त्यांचे मोठे फोटो लावले. पाटीवरचा पडदा सरकला आणि टाळ्या वाजल्या. 'निधी के. धुरी.' अक्षरं सोनेरी.

मृणालिनीताई म्हणाल्या, "आईबाबांना आणायचंस गं!" मी म्हणाले, बाबांना ड्यूटी होती.

ते खरंच होतं. घाटकोपरला एका बांधकामावर त्यांना वॉचमनचं काम मिळालंय. बारा तास. घरी आल्यावर मी विचारलं, कशी आहे जागा? म्हणाले, "बरी आसा. झाड नाय एकपण."

घरी येताना आणलेली आपट्याची पानं सोनं म्हणून दिली त्यांनी मला, नेहमीसारखी. मी पाया पडले. डोक्यावर हात ठेवला त्यांनी, तोही नेहमीसारखा.

६ ऑक्टोबर, सोमवार

नवीन माळी आलाय, अंबादास. एजन्सीतर्फे. आज फवाऱ्याचा पंप घेऊन माझ्यापाशी आला.

"मॅडम, हा पंप कोण वापरत होतं?"

"का?"

"चालतच नाय हा. वायसर सुकून फाटलाय. टाकीत कोळ्याने जाळं केलंय बघा. मारायला गेला ना, तर हवापण येणार नाय."

मी आत बघितलं. जाळ्यात कोळ्याची पांढरी अंडी होती. ती काही दोन आठवड्यांतली नव्हती.

मी अंबादासला म्हणाले, ठेवून दे.

७ ऑक्टोबर, मंगळवार

नर्सरीत फोन केला. विचारलं, लिंबाच्या कलमांना औषध घालता का?

माणूस खुशीत म्हणाला, "घालतो ना ताई! मुळाशी देतो. झाड आतून पिऊन घेतं, पानापानात जातं. तीन-चार महिने अळी औषधालासुद्धा सापडणार नाही. गॅरंटी आपली!"

वरून मारलेलं नाही. मुळातून प्यायलेलं. म्हणूनच एकाही पानाला चावा नव्हता. 'लिंबाला कुठे ना कुठे चावा असतोच.' मुळाशी दिलेलं औषध पानांत उतरतं, हे आमच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमात एका धड्यात होतं. मला त्यात चांगले मार्क होते.

एकतीस अळ्या मी स्वतःच्या हाताने विषावर नेऊन बांधल्या. बाबा खाली डबा धरून उभे होते. त्यांना तेव्हाच माहीत होतं? नक्की माहीत नसेल. पण भीती वाटत होती. आणि बोलायची एक वेळ होती, ती मी 'काका' म्हणून बंद केली होती.

घरी आल्यावर म्हणाले, "बाबा, पंप चालत नव्हता."

ते चप्पल काढत होते. "वायसर फाटलो होतो," म्हणाले. आणि हातपाय धुवायला गेले.

९ ऑक्टोबर, गुरुवार

आज सांगायचं म्हणून गेले. देवस्थळी बाहेरगावी. सुटल्यासारखं वाटलं, आणि तसं वाटलं म्हणून स्वतःची किळस आली.

१३ ऑक्टोबर, सोमवार

देवस्थळी आलेत. मी गेले नाही.

मनात सारखे हिशेब मांडते. एका वर्षाचा अनुभव मिळाला तर पुढे चांगल्या संस्थेत जाता येईल. मग बाबांना काम करायलाच लागणार नाही. म्हणजे गप्प बसणं हे शेवटी बाबांसाठीच. असं सगळं मांडून झाल्यावर ते वाक्य ऐकू येतं. वाचता येतं ना तुम्हाला?

संध्याकाळी बाबा पाय बादलीतल्या गरम पाण्यात बुडवून बसले होते. उभं राहून सुजतात. आई म्हणाली, "बारा वर्सां बसून खुरपणी केलेली, आता उभ्यान काय जमतला?" माझ्याकडे बघून नाही म्हणाली. माझ्याकडे ती बघतच नाही.

१५ ऑक्टोबर, बुधवार

पत्र लिहिलं. चार वेळा. पहिल्या तिन्हींत 'अनवधानाने' हा शब्द होता. तो काढून टाकला.

शेवटचं असं : रोपं मी निवडली. त्यांना मुळातून कीटकनाशक दिलेलं होतं. माळ्यांनी मला आधी सावध केलं होतं, मी ऐकलं नाही. त्यांनी फवारणी केलेली नाही, पंप तपासून पाहावा. ते माझे वडील आहेत आणि हे मी तुमच्यापासून लपवलं. त्यांना कामावर परत घ्यावं.

खाली सही केली. निधी काशीराम धुरी. कॉलेज सुटल्यापासून पूर्ण नाव लिहिलं नव्हतं.

देवस्थळींच्या टपालपेटीत टाकून मग घरी आले आणि मगच बाबांना सांगितलं. आधी सांगितलं असतं तर त्यांनी टाकू दिलं नसतं.

बाबा पहिल्यांदाच माझ्यावर ओरडले. "माझा गेला तां गेला! तुझा कित्या घालवलंस? कोणी विचारल्यान होता तुका?"

आई ओट्यापाशी होती. तिने मागे न बघता विचारलं, "निधी, चाय घेतलंस काय गो?"

तीन आठवड्यांनी माझ्याशी बोलली.

१८ ऑक्टोबर, शनिवार

कमिटीसमोर बोलावलं. देवस्थळींनी पत्र मोठ्याने वाचलं, चष्मा काढला. म्हणाले, "पत्र चांगलं आहे. प्रामाणिक आहे. पण मी आता याचं करू काय? एजन्सीशी वर्षाचा करार झालाय. काशीरामला कुठे बसवू?"

"माझ्या जागी," मी म्हणाले.

"तुमची जागा बी.एस्सी.ची आहे."

कोणी हसलं नाही. माझं काम येत्या शुक्रवारी संपेल, असं ठरलं. बाबांना 'जागा झाल्यास विचारात घेण्यात येईल.' मी एवढंच मागितलं की फवारणीचा ठपका लेखी काढावा. तो काढला. तेवढं झालं.

बाहेर मृणालिनीताई लिफ्टपाशी थांबल्या होत्या. म्हणाल्या, "अळ्यांचं जाऊ दे गं. चुका होतात. पण त्या दिवशी माझ्या खिडकीतून तुझे बाबा दिसत होते, आणि तू चहा पीत बसली होतीस."

मी म्हणाले, "हो."

लिफ्ट आली, त्या वर गेल्या.

२६ ऑक्टोबर, रविवार

बाबांची हत्यारं अजून तिथेच होती. कात्री, खुरपं, कलम करायचा चाकू. आज त्यांना सुट्टी म्हणून आणायला गेलो. दोघं, एकाच रिक्षातून.

गेटवर नवीन सिक्युरिटी होता. वही पुढे केली. बारा वर्षं ज्या गेटने बाबा आत गेले, तिथे मी व्हिजिटर म्हणून नाव लिहिलं. "सोबत कोण?" त्याने विचारलं.

"माझे बाबा."

त्याने मान वरसुद्धा केली नाही.

कारंज्यापाशी पाटी आहे. माझ्या नावावर पांढरा कागद चिकटवलाय. कलमं अजून तशीच, तुकतुकीत. बाबांनी जाता जाता एक पान उलटं करून बघितलं. सवय.

हत्यारं पिशवीत भरून झाल्यावर ते जनरेटरच्या खोलीमागे गेले. मीही गेले. पपनसाच्या खालच्या फांदीवर, पानाच्या आड, एक कोष होता. त्या बारीक अळ्यांपैकी एक असणार, पाहुण्यांना दिसली नसती म्हणून मी सोडून दिलेली. कोष वरून उकललेला, रिकामा, कागदासारखा हलका. आत बोट घातलं तर थोडी ओल लागली.

"आत्ताच गेला," बाबा म्हणाले. "सकाळच्याक."

मी झाडावर, छतावर, भिंतीपलीकडे, सगळीकडे बघितलं. काही दिसलं नाही. पाच वर्षं मी फुलपाखरांच्या मागे आहे, आणि राणी पाकोळीला कोषातून बाहेर येताना मी एकदाही पाहिलेलं नाही. तसं बाबांना म्हणाले.

"माका ठावक आसा ना," ते म्हणाले. "वर्साक दोन-चार तरी बघतंय मी. सहा-साडेसहाक येता भायर. पंख आधी चुरगाळलेले आसतत, ओल्या फडक्यासारखे. मग हळूहळू... तास जाता." त्यांनी दोन्ही हात जोडून सावकाश उघडून दाखवले. बोटांवर कापल्याच्या जुन्या खुणा आहेत. "तुका दाखवूचा होता ह्या वर्साक. पण तू नऊक येयस."

मग पिशवी खांद्याला लावली आणि म्हणाले, "चल. रिक्षा मिळाक हवी."